इच्छामरणाआधीचा प्रश्न : पेशंटला विचारलं कोणी?

गिरणाकाठ (भडगाव)

ब्रिटनच्या कॉमन्स सभागृहात जून २०२५ मध्ये मरणासन्न रुग्णांना डॉक्टरांच्या मदतीने आयुष्य संपवू देणारं विधेयक ३१४ विरुद्ध २९१ मतांनी पुढे गेलं, तेव्हापासून आमच्या शिक्षकांच्या ग्रुपवर हा विषय अधूनमधून निघतो. बहुतेकांचं म्हणणं, आपल्याकडेही असा कायदा व्हावा, हाल हाल होऊन जाण्यापेक्षा बरं. मी त्याच्या विरोधात नाही. पण तिकडचे बहुतेक कायदे एका गोष्टीवर उभे आहेत: पेशंटला आपला आजार पूर्ण माहीत आहे आणि त्याने स्वतः, शुद्धीत, पुन्हा पुन्हा मागणी केली आहे. आपल्या जळगाव-धुळे-नंदुरबारात पेशंटला आजाराचं नावही कळू देत नाहीत. मग मागणी करणार कोण?

माझे मामा. गालाचा कॅन्सर, आयुष्यभर तंबाखू-चुना. बायोप्सीचा रिपोर्ट आला तेव्हा मामा बाहेर बाकावर आणि डॉक्टरांनी आत बोलावलं मामेभावाला. बाहेर आल्यावर घरात ठरलं, आप्पांना 'गाठ आहे' एवढंच सांगायचं. पुढे मुंबईला टाटाला नेलं. तिथे ठिकठिकाणी पाट्या, तरी घरचे गाठच म्हणत राहिले. मामा सातवी शिकलेले होते, पाटी वाचता येत होती त्यांना. त्यांनी विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर पोरं रडली असती.

शेवटी एका खासगी आयसीयूत व्हेंटिलेटर. नळी ओढू नये म्हणून दोन्ही मनगटं गॉजच्या पट्टीने कॉटच्या दांडीला बांधलेली. नळी घालायच्या आदल्या संध्याकाळी ते मला म्हणाले होते, "माले घर ली चाल वं माय, आते पुरे व्हयनं." मी ते जसंच्या तसं मामेभावाला सांगितलं. तो वाईट माणूस नाही. तो म्हणाला, "ताई, उद्या भाऊबंद म्हणतील, पैशासाठी बापाला मरू दिलं."

मामांचं ते वाक्य फाइलमध्ये कुठेही नाही. फाइलमध्ये सही आहे ती मुलाची.

हे घडलं त्याच्या कितीतरी आधी, ९ मार्च २०१८ ला, सुप्रीम कोर्टाने सांगितलं होतं की सन्मानाने मरणं हा घटनेच्या एकविसाव्या कलमातल्या जगण्याच्या हक्काचाच भाग आहे, आणि धडधाकट असताना माणूस आपली इच्छा लिहून ठेवू शकतो. आमच्या तालुक्यात असं कोणी लिहून ठेवलेलं मला तरी ठाऊक नाही. इथल्या कोणी केलंय का? डॉक्टर मंडळींनीही लिहावं, मोकळेपणाने.

धुळे_फिजिशियन

ताई, धागा काढलात ते फार बरं केलंत. आधी थोडा गुंता सोडवतो, कारण पेशंटचे नातेवाईक आणि खुद्द आमचे काही डॉक्टरही तीन वेगळ्या गोष्टी एकाच टोपलीत टाकतात.

डॉक्टरने इंजेक्शन देऊन जीव घेणं भारतात गुन्हा आहे, पेशंटने लेखी मागितलं तरी. पेशंटला स्वतः घेण्यासाठी औषध पुरवणं, जे अमेरिकेतल्या ओरेगॉनमध्ये १९९७ पासून चालतं, तेही इथे गुन्हाच. भारतीय न्याय संहितेत ते आत्महत्येला मदत या सदरात येतं. तिसरी गोष्ट म्हणजे ज्या उपचाराने आता बरं वाटणार नाही, फक्त मरण लांबणार आहे, तो सुरूच न करणं किंवा थांबवणं. एवढंच आपल्याकडे कायदेशीर आहे.

याची सुरुवात अरुणा शानभाग यांच्यापासून. केईएमच्या नर्स. २७ नोव्हेंबर १९७३ ला त्यांच्यावर हल्ला झाला, मेंदूला इजा होऊन त्या अंथरुणाला खिळल्या आणि १८ मे २०१५ ला गेल्या. मधली चार दशकं त्याच हॉस्पिटलच्या नर्सेसनी त्यांना सांभाळलं. त्यांना असं जगवणं थांबवावं म्हणून पत्रकार पिंकी विराणींनी कोर्टात अर्ज केला होता. तो ७ मार्च २०११ ला नामंजूर झाला, कारण ज्यांनी सांभाळलं त्या नर्सेसना त्यांना जगवायचं होतं. पण त्याच निकालाने हायकोर्टाच्या परवानगीने उपचार थांबवायची वाट उघडली. २०१८ च्या निकालाने ती रुंद केली, पण लिव्हिंग विलवर, म्हणजे उपचारांबद्दल आधीच लिहून ठेवलेल्या इच्छेवर, न्यायदंडाधिकाऱ्याची सही हवी होती, त्यामुळे लोक तिकडे फिरकलेच नाहीत. २४ जानेवारी २०२३ ला कोर्टाने ते सोपं केलं. आता दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा राजपत्रित अधिकारी पुरे. आपल्या वतीने कोणी बोलायचं त्या जवळच्या माणसांची नावं त्यात लिहायची, एकाहून जास्त लिहिता येतात.

आणि लिहून ठेवलं म्हणून कोणी लगेच नळी काढत नाही. हॉस्पिटलच्या तीन डॉक्टरांचं मंडळ तपासतं, मग दुसरं तीन जणांचं मंडळ, ज्यात जिल्ह्याच्या मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्याने नेमलेला एक डॉक्टर असतो. दोघांनी शक्यतो ४८ तासांच्या आत मत द्यायचं. मग न्यायदंडाधिकाऱ्यांना कळवून उपचार थांबवायचे. लिव्हिंग विल केलेलं नसेल आणि पेशंट बेशुद्ध असेल, तर जवळच्या नातेवाइकांच्या संमतीने हीच पद्धत वापरता येते.

मग आम्ही डॉक्टर हे करत का नाही? खरं सांगतो. भीती. उद्या चुलत्या-पुतण्यांत जमिनीवरून वाद झाला की पहिली तक्रार डॉक्टरवर. छोट्या हॉस्पिटलात तीन तज्ज्ञच नसतात, तर मंडळं दोन कुठून आणायची? त्यापेक्षा सोपी वाट सगळ्यांना पाठ आहे, ती म्हणजे डामा.

सायरन_साक्री

डॉक्टरसाहेब, डामा म्हणजे काय ते मी सांगतो, कारण त्याच्या पुढचं काम आमचं असतं. मी अँब्युलन्स चालवतो.

पेशंटचं आता काही होणार नाही हे डॉक्टरला कळलेलं असतं, घरच्यांनाही कळलेलं असतं, बिल वाढत असतं. मग कागद पुढे येतो: 'डॉक्टरांच्या सल्ल्याविरुद्ध, स्वतःच्या जबाबदारीवर पेशंटला घरी नेत आहोत.' बहुतेक वेळा सल्ला डॉक्टरचाच असतो हळू आवाजात, आणि कागदावर त्याच्याविरुद्ध सही बिचाऱ्या घरच्यांची.

मग व्हेंटिलेटर काढतात आणि घशातल्या नळीला अँबू बॅग लावतात, म्हणजे हाताने दाबून श्वास द्यायची पिशवी. गाडीत मुलगा नाहीतर पुतण्या ती दाबत बसतो. धुळ्याहून साक्रीच्या पुढच्या गावांपर्यंत, घाटात गाडी हलते, हात भरून येतो, एक थकला की दुसरा. त्यांना कोणी शिकवलेलं नसतं, निघताना सिस्टरने दाखवलं असेल तेवढंच. घरी पोचलं की ओट्यावर सगळी भाऊबंदकी जमलेली. आता थांबायचं कोणी? ज्याच्या हातात बॅग असेल त्याने. एकदा एक पोरगं, फार तर कॉलेजातलं, बापाची बॅग सोडायलाच तयार नव्हतं. मला म्हणालं, "मी थांबलो तर मीच मारलं म्हणतील ना?"

कोर्टाने दोन मंडळं सांगितली आहेत असं तुम्ही म्हणता. आमच्या गाडीत तो निर्णय त्या पोराच्या मनगटावर येऊन पडतो, आणि दुखण्याला साधं इंजेक्शन द्यायलाही गाडीत कोणी नसतं.

सूनबाई_पारोळा

दादा, वाचून हात थांबले. पण मला दुसरी बाजू मांडायची आहे.

मी सासूबाईंचं अंथरुणावरचं सगळं केलं आहे. कूस बदलणं, पाठीच्या जखमा धुणं, भरवणं. त्या रोज म्हणायच्या, "देवा, उचल आता." ती मागणी समजायची का? ज्या दिवशी नणंद यायची आणि दिवसभर जवळ बसायची, त्या दिवशी एकदाही म्हणायच्या नाहीत. ज्या दिवशी माझ्या नवऱ्याने औषधाच्या बिलावरून आवाज चढवला, त्या दिवशी दहा वेळा.

कोरडवाहू शेती, डोक्यावर सोसायटीचं कर्ज, पोरीचं लग्न तोंडावर, अशा घरात म्हाताऱ्या माणसाला 'तुला जायचं का' असं विचारणारा कायदा आला, तर तो सगळ्यात आधी कोणावर पडेल? विधवा आईवर. जिच्या नावावर घर नाही तिच्यावर. तिला कोणी जोर करणार नाही, ती आपणहून हो म्हणेल. आयुष्यभर सगळ्यांच्या सोयीने जेवलेली बाई मरणसुद्धा सगळ्यांच्या सोयीने मागेल. म्हणून मला असा कायदा नको आहे.

ओंटारियोत_भुसावळकर

सूनबाई, तुमची भीती रास्त आहे, इथेही याच मुद्द्यावर भांडण चालू आहे. मी कॅनडात राहतो, म्हणून इथलं सांगतो.

इथे डॉक्टरांच्या मदतीने मरण घेणं जून २०१६ पासून कायदेशीर आहे. लेखी अर्ज, त्यावर साक्षीदार, एकमेकांशी संबंध नसलेल्या दोन डॉक्टरांची किंवा नर्स प्रॅक्टिशनरची स्वतंत्र तपासणी. पुढे २०२१ मध्ये मरण जवळ नसलेल्यांनाही दार उघडलं, त्यांच्यासाठी किमान ९० दिवसांची तपासणी ठेवली. फक्त मानसिक आजार असेल तर अजून परवानगी नाही, तो भाग २०२७ पर्यंत पुढे ढकलला आहे. २०२३ मध्ये देशातल्या एकूण मृत्यूंपैकी सुमारे ४.७ टक्के अशा पद्धतीने झाले. त्यातल्या बहुतेकांचं मरण तसंही जवळ आलेलं होतं. पण अपंग लोकांच्या संघटना विचारतात, आम्हाला परवडणारं घर आणि मदतनीस मिळायला वर्षं लागतात, मग मरणाची सोय एवढी तत्पर का? तो प्रश्न मला खोडता येत नाही.

तरीही माझं मत कायद्याच्या बाजूने आहे. माझ्या सहकाऱ्याच्या वडिलांनी हा मार्ग घेतला. आतड्याचा कॅन्सर, सगळीकडे पसरलेला. शेवटच्या आठवड्यात त्यांनी एकेकाला बोलावून घेतलं, हिशेब सांगितले, नातवाला शाळेच्या मॅचबद्दल विचारलं. सगळे जण खरं बोलत होते. मी भुसावळला माझ्या आजीच्या शेवटी होतो, तिथे सगळे जण आजीशी खोटं बोलत होतो. गिरणाकाठताई म्हणतात तो फरक मी डोळ्यांनी पाहिलेला आहे.

ओरेगॉनचं एक बघण्यासारखं आहे: औषधाची चिठ्ठी मिळालेल्यांपैकी जवळपास एक तृतीयांश लोक ते घेतच नाहीत. हातात असलं की बऱ्याच जणांची घालमेल थांबते. आणि तिथले लोक कारण सांगतात त्यात दुखणं वरच्या क्रमांकावर नसतं. आपल्या मनासारखं जगता येत नाही, दुसऱ्यावर अवलंबून राहावं लागतं, ही कारणं पुढे असतात.

आबा_शहादा

नमस्कार मंडळी. नातू टाइप करून देत आहे. मी एसटीतून रिटायर झालेला कंडक्टर. फुफ्फुसं गेलेली, घरी ऑक्सिजनचं मशीन आहे. लाइट गेली की मशीन बंद, मग सिलेंडर उघडेपर्यंत जीव वर-खाली होतो. उन्हाळ्यात हे नेहमीचं.

तुम्ही सगळे पेशंटबद्दल बोलत आहात, म्हणून म्हटलं पेशंटनेच बोलावं.

मला मरण मागायचं नाही. मला सकाळचा चहा आवडतो, पेपर आवडतो, सारंगखेड्याच्या यात्रेचे घोडे टीव्हीवर दाखवतात ते मी बघतो. मला भीती मरणाची नाही. गेल्या वेळी ॲडमिट होतो तेव्हा शेजारच्या कॉटवरच्या माणसाला नळी घातली, त्याला बोलता येईना, तो डोळ्यांनी बायकोला शोधत होता आणि बायकोला आत सोडत नव्हते. मला ते नको. दम लागून मरणार असेन तर दम कमी करणारं काही द्या आणि घरात मरू द्या. हे मी पोराला सांगायला गेलो की तो म्हणतो, "बाबा, असं अशुभ बोलू नका." मग मी सांगू कोणाला?

धुळे_फिजिशियन

आबा, तुम्ही लिहिलंत त्याबद्दल मनापासून आभार. तुम्हाला सविस्तर लिहितो, कारण हे इतरांच्याही कामाचं आहे.

तुम्ही जे मागताय ते आजच्या कायद्यात पूर्ण बसतं. तुम्ही शुद्धीत आहात, तेव्हा नळी आणि व्हेंटिलेटर नको म्हणायचा हक्क तुमचा आहे. त्याला कोणत्याही मंडळाची परवानगी लागत नाही. लिव्हिंग विल लागतं ते तुम्हाला बोलता येणार नाही त्या वेळेसाठी. त्यात मोघम 'त्रास देऊ नका' लिहू नका. नळी नको, व्हेंटिलेटर नको, ऑक्सिजन चालेल, सलाइन चालेल, दम आणि दुखणं कमी करणारं औषध हवंच, असं एकेक लिहा. मुलाचं नाव लिहाच, पण नातवाचंही लिहा. एक प्रत तुमच्या छातीच्या डॉक्टरांच्या फाइलला लावा. स्थानिक प्रशासनाच्या नेमलेल्या अधिकाऱ्याकडेही प्रत द्यायची असते. मत बदललं तर केव्हाही रद्द करता येतं.

दम कमी करणाऱ्या औषधाबद्दल. अगदी थोड्या मात्रेतलं मॉर्फिन शेवटच्या टप्प्यात दम लागून होणारी घुसमट कमी करू शकतं. तुमच्या डॉक्टरांना विचारा. कॅन्सरच्या दुखण्यावर तर ते मुख्य औषध आहे. गोळी स्वस्त आहे, दर चार तासांनी द्यायची, सोबत पोट साफ राहायचं औषध. नीट मोजून दिलं तर सहसा व्यसन लागत नाही आणि मरणही लवकर येत नाही. पण आपल्या तीन जिल्ह्यांत किती मेडिकलवाले ते ठेवतात? अमली पदार्थांच्या जुन्या कायद्याने परवान्यांचं एवढं जंजाळ करून ठेवलं की दुकानदारांनी नादच सोडला. २०१४ च्या दुरुस्तीने कागदपत्रं कमी झाली, भीती तशीच राहिली. केरळात डॉ. राजगोपाल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९३ मध्ये कालिकतला पॅलिएटिव्ह केअरची, म्हणजे दुखणं-त्रास कमी करणाऱ्या सेवेची, सुरुवात केली, आणि आज तिथे गावोगावचे स्वयंसेवक आणि नर्सेस घरी जाऊन पेशंट बघतात, मॉर्फिन देतात. तिथल्या सरकारने २००८ मध्ये त्याचं धोरणच केलं. आपल्याकडे मुंबईत वांद्र्याचं शांती अवेदना सदन आहे, पुण्यात वारज्याला सिप्लाचं केंद्र आहे. यावल-रावेरच्या पेशंटला त्याचा काय उपयोग?

जळगाव_नवीपेठ

आमच्या जैन समाजाच्या बाजूने एक नोंद. संथारा म्हणजे उपचार थांबवणं नाही आणि आत्महत्याही नाही, ते अन्नपाणी सोडून मरण स्वीकारायचं व्रत आहे, गुरूंच्या परवानगीने आणि कुटुंबाच्या देखत घेतलेलं. राजस्थान हायकोर्टाने ऑगस्ट २०१५ मध्ये त्याला गुन्हा ठरवलं होतं, त्याच महिन्यात सुप्रीम कोर्टाने त्या निकालाला स्थगिती दिली. माझ्या आजेसासूबाईंनी संथारा घेतला तेव्हा घरात कोणी खोटं बोललं नाही. लोक दर्शनाला येत होते, त्या प्रत्येकाची क्षमा मागत होत्या. विनोबांनीही नोव्हेंबर १९८२ मध्ये पवनारला अन्न-औषध सोडलं, तेव्हा सगळा देश बघत होता. मरणाची उघड तयारी आपल्या परंपरेत आहे. ती दवाखान्याच्या दारात का अडते, एवढंच मला कळत नाही.

स्पष्ट_बोलतो_चोपडा

सगळ्यांचं वाचलं. सगळं पटलं, तरी एक पेशंट यात कुठेच बसत नाही. माझा भाऊ.

मोटर न्यूरॉनचा आजार. हात गेले, पाय गेले, बोलणं गेलं, डोकं शंभर टक्के शाबूत. दुखणं फारसं नाही म्हणून मॉर्फिनचा प्रश्न नाही. व्हेंटिलेटर नव्हता म्हणून काढायचा प्रश्न नाही. हवं तर नाकातली अन्नाची नळी नाकार, म्हणजे उपाशी मर, हा त्याला कायद्याने दिलेला सन्मान. त्याने अक्षरांच्या तक्त्यावर डोळ्यांनी एकेक अक्षर दाखवत मला सांगितलं होतं, पूर्ण समजून. कोणाच्या दबावाने नाही. आमच्याकडे पैशाची अडचण नव्हती आणि वहिनी त्याला एक क्षण सोडत नव्हती. अशा माणसाला 'आधी खान्देशात पॅलिएटिव्ह केअर येऊ द्या, मग तुझं बघू' असं सांगायचं का? तो गेला. शेवटचे महिने त्याला जसे नको होते तसेच गेले.

गिरणाकाठ (भडगाव)

दादा, तुमच्या भावाच्या बाबतीत माझ्याकडे उत्तर नाही आणि मी ते असल्याचा आव आणणार नाही. त्यांच्यासाठी कॅनडासारखा कायदा हवा होता, हे तुमचं म्हणणं मला मान्य आहे. सूनबाईंची भीतीही तितकीच खरी आहे. दोन्ही प्रकारची माणसं एकाच जिल्ह्यात राहतात, कायदा दोघांना एकच लागणार, हीच यातली अवघड गोष्ट आहे.

पण बघा, तुमच्या भावाला निदान तक्ता मिळाला आणि तुम्ही ती अक्षरं जोडत बसलात. माझ्या मामांना सगळं बोलता येत होतं, तरी कोणी ऐकलं नाही. म्हणून मी म्हणते, मोठ्या कायद्याचं भांडण दिल्लीत चालू राहू द्या. २०२४ मध्ये केंद्राने उपचार थांबवण्याबद्दलचा मसुदा सूचनांसाठी काढला, तेव्हा खान्देशातून कोणी सूचना पाठवल्याचं माझ्या तरी कानावर आलं नाही. तोवर इथल्या डॉक्टरांनी एक करावं. निदान सांगताना पेशंटला बाहेर बाकावर बसवू नये. त्याला विचारावं, "तुम्हाला स्वतःला किती जाणून घ्यायचंय? की मुलालाच सांगू?" तो म्हणाला मुलाला सांगा, तर मुलाला सांगा. पण हे म्हणण्याचा मान त्याचा.

सूनबाई_पारोळा

याला माझा पूर्ण पाठिंबा. फक्त 'तुम्हाला' विचारताना सासूला, आईलाही विचारा. बायकांच्या वेळी तर रिपोर्ट थेट नवऱ्याच्या हातात जातो.

धुळे_फिजिशियन

मान्य. माझ्या ओपीडीत मी हे विचारतो, पण खरं सांगायचं तर नातेवाईक दारातच खुणा करतात, "साहेब, सांगू नका." तिथे ठाम राहायला हवं. लिव्हिंग विलचा साध्या मराठीतला नमुना मी या रविवारपर्यंत इथे टाकतो. कोणी त्याचं अहिराणी करून देईल का? वकिलांपैकी कोणी असेल तर नजर टाका, साक्षीदारांच्या रकान्यात चूक नको.

सायरन_साक्री

अहिराणी मी करतो, डॉक्टरसाहेब. आणि जमलं तर घरी नेणाऱ्या पेशंटसाठी एक पानभर लिहा: नळी काढूनच पाठवा, दुखण्याचं औषध सोबत द्या, घरी काय होईल ते घरच्यांना आधी सांगा. मी ते गाडीत लावतो.

आबा_शहादा

नमुना लवकर टाका. हा धागा नातवाने माझ्या मुलाला वाचून दाखवला. तो अजून नाही म्हणत आहे, पण काल त्याने पहिल्यांदा विचारलं, "बाबा, ऑक्सिजन चालेल म्हणता, मग मास्क चालेल का?" मी म्हटलं, मास्क चालेल. डॉक्टर, मास्कचंही नमुन्यात लिहा.